सैल वीण

सासू म्हणाली, धुकं आहे, जाईल.
तीन वर्षं गेलं नाही.
शहरातले लोक ह्याला ‘कातारातास’ म्हणतात,
त्यांच्याकडे धबधब्यालाही हाच शब्द.
बासिलिया हसली: मग आवाज कुठाय पाण्याचा?

एल आल्तोच्या दवाखान्यात काचेमागच्या मुलीने
आकडा कागदावर लिहून सरकवला, बोलली नाही.
परतीच्या बसमध्ये मी तो लामांत मोजला.
अकरा लामा, एका डोळ्याला.
आमच्याकडे सात. त्यातली एक लंगडी.

सरकारी इस्पितळ म्हणालं, कार्निव्हल झाल्यावर या.
गेलो, तर यंत्र बंद.
यंत्र सुरू झालं, तर डॉक्टर संपावर.
चर्चमधल्या बाईंनी एक नंबर दिला,
त्या नंबराने दुसरा नंबर,
आणि दुसरा म्हणाला, ताई, हे चपलांचं दुकान आहे.

ती विणत राहिली.
दाराशी, चार खुंट्यांवर ताणलेल्या मागाला भिडून,
लामाच्या हाडाच्या टोचणीने धागे उचलत,
ओठांत मोजत.
पण लाल आणि हिरवं बोटांना सारखंच लागतं.
पक्ष्याला तिसरा पाय फुटायचा,
तळ्याच्या लाटा मध्येच उलट्या फिरायच्या.

ती झोपली की मी मेणबत्ती लावायचे,
चार बोटं उसवायचे, चार बोटं विणायचे.
सकाळी ती कापडावर तळहात फिरवून म्हणायची,
अजून जमतंय मला.
हो म्हणायचे मी.
नवऱ्यालाही सांगितलं नाही.

मग एका पहाटे रेडिओवर, बटाट्याच्या भावानंतर:
गुरुवारी शाळेत डोळे तपासणार. ऑपरेशन फुकट.
ओळखपत्र आणा.
तो ‘फुकट’च तिच्या डोळ्यात खुपला.
फुकट कोण देतं? काहीतरी काढून घेतील.
शेजारच्या सेनोबियोनेही मान हलवली,
जो रोज आपल्याच उंबऱ्यावर आपटतो.

ओळखपत्राप्रमाणे ती स्वतःच्या मुलाहून लहान निघाली.
टेबलावरच्या पोराने दोनदा वाचलं,
तिच्याकडे बघितलं, आणि शिक्का मारला.
रक्तदाब मात्र कागदाचं ऐकेना.
उद्या या.
चार तास चालत गेलो, चार तास चालत आलो,
उद्या पुन्हा चार.

वीस मिनिटं लागली.
मी बाहेर बाकावर, पायाशी
वाळवलेल्या काळ्या बटाट्यांचं पोतं, तिने फी म्हणून आणलेलं.
डॉक्टरीण नको नको म्हणाली.
शेवटी ओंजळभर घेऊन पांढऱ्या कोटाच्या खिशात घातले,
तेव्हा कुठे बासिलिया उठली.

आमच्या बोलीत डोळा आणि गेलेले दिवस,
दोघांना एकच शब्द.
होऊन गेलेलं समोर असतं, दिसतं म्हणून.
उद्या पाठीमागे.
हे मला लहानपणापासून माहीत होतं,
पण पट्टी निघाली त्या सकाळीच समजलं.

तिने माझा चेहरा बघितला नाही.
माझ्या खांद्यावरचं कापड ओढून घेतलं,
खिडकीकडे धरलं,
आणि एका ओळीवर नख ठेवलं.
इथून तुझं.
मी गप्प.
नख सरकत गेलं. हे तुझं. हेही.
हा पक्षी अर्धा माझा.

बसमध्ये एक शब्द बोलली नाही माझ्याशी,
नुसती मोठ्याने मोजत होती:
खांब, मेंढ्या, कुणाची तरी वाळत घातलेली निळी पोलकी,
तळं, तळ्यावर एक होडी, नाही, दोन.
उतरताना म्हणाली,
दुसऱ्या डोळ्याला केव्हा बोलावलंय?
आणि सेनोबियो ओळखपत्र कुठे ठेवतो, माहीत आहे का तुला?

रात्री सवयीने जाग आली.
मेणबत्ती आधीच लागलेली.
मागाशी ती, एका डोळ्यावर प्लास्टिकची वाटी,
दुसरा अजून धुक्यातच,
उसवत होती. माझंच.
सैल होतं, म्हणाली.
झोप तू.